माळ घ्यायची म्हणतोय…

आषाढी महिन्यावर आली की या सदराच्या टपालात एकाच विषयाची पत्रं वाढतात. बरीच वर्षं नशेत, चैनीत, उधळपट्टीत गेली. आता गळ्यात तुळशीची माळ घालून माणसांत यायचंय, कसं करू? त्यातली निवडक पत्रं आणि त्यांची उत्तरं इथे देत आहोत. नावं छापलेली नाहीत. जागेसाठी काही पत्रं कमी केली आहेत.

रामकृष्णहरी. वय ४६. बांधकामाची छोटी कंत्राटं घेतो. वीस वर्षं पितो, सध्या दिवसाला दोन क्वार्टर. सकाळी हात थरथरतात म्हणून एक पेग तेव्हाच लागतो. आषाढी एकादशीला पंढरपुरात माळ घालायची, त्याच दिवसापासून दारू बंद, आणि दिवसभर निर्जळी उपवास करायचा असं ठरवलंय. काही तयारी लागते का?
*— एक वाचक, बारामती तालुका*

लागते. पण ती पंढरपुरात नाही, पंढरपूरला निघण्याआधी दवाखान्यात करायची.

तुमच्या पत्रातलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य सकाळच्या पेगचं आहे. सकाळी थरथर थांबवायला दारू लागते, म्हणजे शरीर दारूवर टेकलेलं आहे. दारू मेंदूला दाबून ठेवते आणि वर्षानुवर्षं मेंदू त्या दाबाविरुद्ध जोर लावत राहतो. दार पलीकडून ढकलणारा माणूस अचानक बाजूला झाला तर अलीकडचा तोंडावर आपटतो, तसं दारू एकदम बंद केल्यावर मेंदूचं होतं. शेवटच्या घोटानंतर ६ ते २४ तासांत थरथर, घाम, मळमळ, धडधड सुरू होते आणि झोप उडते. फिट यायची असेल तर ती बहुधा ६ ते ४८ तासांत येते. दोन ते चार दिवसांनी काहींना नसलेली माणसं आणि किडे दिसू लागतात, माणूस बरळतो, ताप चढतो, दिवस-रात्रीचं भान जातं. याला डॉक्टर डेलिरियम ट्रेमेन्स म्हणतात. उपचार मिळाले नाहीत तर यात जीव जाऊ शकतो.

आता हे पंचांगावर मांडून बघा. दशमीच्या रात्री शेवटचा पेग घेतला, तर फिटची वेळ एकादशीच्या पहाटेपासून द्वादशीच्या रात्रीपर्यंत येते. म्हणजे तुम्ही दर्शनबारीत असाल किंवा परतीच्या एसटीत. बरळणं सुरू झालंच तर ते द्वादशीच्या रात्रीनंतर, घरी. त्यात पाण्याचा थेंब नाही, पोटात अन्न नाही, रात्रभर जागरण. जोडीला लोकांचा समज: गळ्यात नवी माळ, तोंडाला फेस, म्हणजे अंगात आलं! कपाळाला बुक्का लावून माणसाला मांडवाच्या सावलीत झोपवतात आणि त्यात मोलाचे तास निघून जातात.

म्हणून वारीच्या निदान तीन आठवडे आधी जिल्हा रुग्णालयातल्या किंवा जवळच्या सरकारी मेडिकल कॉलेजच्या मानसोपचार विभागात जा. किती पिता याचा आकडा खरा सांगा. लाजेनं निम्मा सांगितला तर औषधही निम्मं मिळतं. सहसा आठवडा-दहा दिवस उतरत्या मात्रेनं गोळ्या देतात आणि सोबत थायमिन, म्हणजे बी-१ जीवनसत्त्व. हे थायमिन विसरू नका. रोज पिणाऱ्याच्या अंगात ते फार कमी उरलेलं असतं. थायमिन न देता आधी ग्लुकोजची बाटली चढवली तर मेंदूला इजा होण्याचा धोका वाढतो. त्यामुळे ‘अशक्तपणा आहे, एक सलाईन लावून द्या’ असं कुणी परस्पर सांगत असेल तर डॉक्टरांना तुमच्या पिण्याबद्दल आधी सांगा. पूर्वी फिट आलेली, कावीळ झालेली, सकाळी प्यावी लागणारी किंवा घरात एकटी राहणारी व्यक्ती असेल तर भरती होऊनच दारू सोडावी. तुम्ही त्यात बसता. कुठं जावं कळत नसेल तर १४४४६ ही व्यसनमुक्तीची राष्ट्रीय हेल्पलाइन आहे, फोनला पैसे पडत नाहीत. मित्राच्या उरलेल्या गोळ्या मात्र घेऊ नका. त्या गोळ्यांचीही सवय लागते.

‘गोळ्या खाऊन सोडली तर त्यात माझा निश्चय कुठं राहिला?’ असं पुष्कळजण विचारतात. निश्चयाची गरज अकराव्या दिवसापासून पुढे लागते, आणि तेव्हा ती भरपूर लागते. माळ दोन-तीन आठवडे कोरडे काढल्यावर घाला. निर्जळी उपवास या वर्षी करू नका.

माळ घेतात म्हणजे नेमकं काय करतात? कोण देतो? खर्च किती? मी बौद्ध घरातला आहे, हे धर्मांतर ठरतं का?
*— एक वाचक, ठाणे*

विधी पाच-दहा मिनिटांचा असतो. गावातल्या जाणत्या वारकऱ्याकडे, कीर्तनकाराकडे किंवा फडाच्या, म्हणजे वारकऱ्यांच्या परंपरागत गटाच्या, प्रमुखांकडे जायचं. पंढरपूर-देहूच्या परिसरात देहूकर, वासकर यांच्यासारखे जुने फड आहेत. पण माळ गावातल्या सप्ताहातही घेता येते आणि बायकाही घेतात. तुळशीच्या लाकडाच्या १०८ मण्यांची, वर एक मेरुमणी असलेली माळ ज्ञानेश्वरीच्या पोथीवर ठेवतात. देणारा नियम विचारतो, घेणारा ‘पाळीन’ म्हणतो आणि माळ गळ्यात पडते. मग कपाळाला बुक्का, ‘राम कृष्ण हरि’ हा उघडा मंत्र, आणि दोघे एकमेकांच्या पाया पडतात. नवख्याला याचंच सगळ्यात अवघडल्यासारखं होतं, कारण माळ देणारा म्हातारा वाकून त्याच्याही पायाला हात लावतो.

नियम फडाफडाप्रमाणे थोडे कमी-जास्त असतात, पण गाभा एकच: मद्य-मांस वर्ज्य, परस्त्री मातेसमान, खरं बोलणं, दर एकादशीचा उपवास, रोज हरिपाठ, वर्षातून आषाढी किंवा कार्तिकी यांपैकी निदान एक वारी. एकादशा वर्षाला २४ येतात, अधिक मास असला की २६. ज्ञानदेवांचा हरिपाठ २७ अभंगांचा आहे आणि टाळावर म्हटला तर अर्धा-पाऊण तास जातो. ही गोष्ट आम्ही मुद्दाम सांगतो. दारू सोडणाऱ्याला संध्याकाळी सहा ते नऊ ही वेळ जड जाते, आणि देवळातला हरिपाठ नेमका दिवेलागणीला असतो. तो एकट्यानं घरी म्हणण्यापेक्षा पहिलं वर्षभर देवळात चार माणसांत म्हणा. हातात टाळ असला की ग्लास धरायला हात मोकळा राहत नाही, हा विनोद टाळकऱ्यांमध्ये जुनाच आहे.

खर्च म्हणजे माळेची किंमत. तुळशीच्या नावाखाली दुसऱ्या लाकडाचे रंगवलेले मणीही विकतात, म्हणून ओळखीच्या माणसाकडून घ्या. माळ देण्याची दक्षिणा ठरलेली नसते. कुणी आकडा सांगू लागला तर नमस्कार करून उठा.

धर्मांतर ठरत नाही. नाव, दाखला, गॅझेट यातलं काही बदलत नाही. पण तुमच्या प्रश्नात दुसरा प्रश्न दडलेला दिसतो, म्हणून सांगतो. १४ ऑक्टोबर १९५६ला नागपुरात बाबासाहेबांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांमध्ये दारू न पिण्याची प्रतिज्ञा आहे, आणि पंचशीलातलं पाचवं शील तेच सांगतं. त्याच प्रतिज्ञांमध्ये हिंदू देवतांची उपासना न करण्याचंही आहे, तेव्हा विठ्ठलाची माळ आणि प्रतिज्ञा एकत्र कशा बसवायच्या हे तुम्हालाच ठरवावं लागेल. दारू सोडण्यासाठी घरातलं शील पुरेसं आहे, त्यासाठी दुसऱ्याच्या दारात जायची गरज नाही. विहारातल्या रविवारच्या वंदनेला जाणं तुम्हाला हरिपाठाइतकंच उपयोगी पडेल.

आयुष्यभर मजा मारायची आणि साखर-बीपी लागलं की देव आठवायचा. हे ढोंग नाही का? आमच्या काकांनी माळ घातल्यापासून घरात सगळ्यांना उपदेश सुरू आहे.
*— एक विद्यार्थिनी, नाशिक*

उशिरा येणं आणि ढोंग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ज्याच्यासाठी विठ्ठल विटेवर उभा राहिला म्हणतात तो पुंडलिक कथेत सुरुवातीला कसा आहे आठवा: बायकोच्या नादी लागून आईबापांना छळणारा. काशीच्या वाटेवर कुक्कुटऋषींच्या आश्रमात त्याचे डोळे उघडतात. पण तो काशीला जाऊन पाप धूत बसत नाही, मागे फिरून आईबापांचे पाय चेपतो. देव दाराशी आला तरी हातातली सेवा सोडत नाही, एक वीट तेवढी भिरकावतो. गीतेच्या नवव्या अध्यायात दुराचारी माणसालाही साधूच समजावं असा श्लोक आहे, पण त्याचं कारण तिथंच दिलंय: त्याचा निश्चय ठीक झालेला असतो. ज्ञानदेव तिथं ‘अनुतापतीर्थ’ असा शब्द वापरतात. वारकऱ्यांचा पश्चात्तापासाठीचा शब्द अनुताप. ताप म्हटल्यावर तो ज्याचा त्यालाच व्हायला हवा. काकांचा ताप तुम्हाला होत असेल तर काहीतरी उलटं चाललंय.

काकांना सांगून बघा की उपदेश कीर्तनकारानं करायचा असतो, आणि तोही नारदाच्या गादीवर उभा राहून; जेवणाच्या ताटावर नाही. नव्यानं माळ घातलेल्यांत पहिले सहा महिने हा प्रकार फार आढळतो. स्वतःला धरून ठेवायची ती एक धडपड असते, बहुतेकांची ओसरते. नाही ओसरली तर काकूंना विचारा, घरखर्चाला पूर्वीपेक्षा जास्त पैसे मिळतात का. त्यावरून काका कुठे आहेत ते कळेल.

आमच्या ह्यांनी दोनदा माळ घातली. प्यायचं असलं की माळ काढून देव्हाऱ्याशेजारच्या खिळ्याला अडकवतात, सकाळी आंघोळ करून परत घालतात. आता तिसऱ्यांदा आळंदीला जाऊन घालतो म्हणतात. सासूबाई म्हणतात विश्वास ठेव. कुणीतरी दारू सोडवायची पावडर सांगितली आहे, न सांगता भाजीत घालायची. घालू का?
*— एक भगिनी, संगमनेर*

पावडर घालू नका. अशा पावडरींत काय असतं ते पाकिटावर कधी खरं लिहिलेलं नसतं. पुष्कळदा त्यात डायसल्फिराम निघण्याची शक्यता असते. ते औषध खरं आहे आणि डॉक्टरही देतात, पण सांगून. त्यावर दारू प्यायली की तोंड लालबुंद होतं, उलट्या होतात, छाती धडधडते, रक्तदाब कोसळतो. हृदयाचा त्रास असेल तर माणूस दगावू शकतो. डॉक्टर आधी यकृताच्या तपासण्या करतात, निदान १२ तास, बहुधा २४ तास दारू नसल्याची खात्री करतात आणि मग सुरू करतात. गोळी बंद केल्यावरही असर दोन आठवड्यांपर्यंत राहू शकतो. सुरू झाल्यावर घरातल्या बाटल्याही तपासाव्या लागतात. द्राक्षासव, अश्वगंधारिष्ट अशा आसव-अरिष्टांत आंबण्यातून तयार झालेलं अल्कोहोल असतं, काही खोकल्याच्या औषधांतही असतं. ह्यांना कबूल असेल तर सकाळी तुमच्यासमोर गोळी घेणं ही चांगली पद्धत आहे. चोरून मात्र कधीच नको.

आता खिळ्याचं. पाय घसरणं वेगळं असतं. रस्त्यात मित्र भेटला, ग्लास हातात आला, दुसऱ्या दिवशी माणूस तोंड लपवतो. ह्यांचं तसं नाही. माळ काढून खिळ्याला लावली तेव्हा दारू अजून दुकानात आहे. म्हणजे प्यायचा बेत आधी ठरतो, मग माळ निघते, मग पाय बाहेर पडतात. हे तुमच्या फायद्याचंही आहे, कारण घोटाच्या अर्धा-एक तास आधी इशारा मिळतो. ह्यांना शांतपणे, न प्यायलेल्या वेळी विचारा की माळ खिळ्याला लागते त्याच्या आधी काय झालेलं असतं. उत्तरं थोडीच निघतात: भूक, राग, एकटेपणा, थकवा, आणि हातात आलेले पैसे. आठवड्याच्या कोणत्या दिवशी, कोणाचा फोन आल्यावर, पगाराच्या कोणत्या दिवशी, हे दोन महिने कॅलेंडरवर खूण करून ठेवा.

तिसऱ्यांदा आळंदीला जाऊन घालण्याला हरकत नाही, पण पहिल्या दोन वेळेला जे केलं नव्हतं ते या वेळी त्यात असावं. व्यसनमुक्ती केंद्रात राहून उपचार झाले होते का? पुण्यातलं मुक्तांगण १९८६पासून हे काम करतं आणि तिथला निवासी उपचार पाच आठवड्यांचा असतो. पाच दिवसांत दारू सोडवून देतो म्हणणाऱ्यांकडे त्या मापानं बघा. नंतर पाठपुराव्याला जायचं. अल्कोहोलिक्स अॅनॉनिमस या दारू सोडणाऱ्यांच्या गटाच्या सभा मराठीत चालतात आणि तिथं कुणी फी घेत नाही. घरच्यांसाठी अल-अॅनॉन म्हणून वेगळा गट असतो, तो तुमच्यासाठी आहे. ह्यांनी जाणं न जाणं ह्यांच्यावर, तुम्ही जाऊ शकता.

विश्वास ठेवावा का? विश्वास ठेवायची घाई तुम्हाला नाही. पगार तुमच्या खात्यात, मोबाइलवरून पैसे पाठवायची मर्यादा कमी, शेताच्या किंवा कर्जाच्या कागदावर तुमची सही मागितली तर आठवडाभर थांबायचं. एवढं त्यांनी तीन महिने न कुरकुरता मान्य केलं तर पुढचं बोला. मारहाण होत असेल तर माळेचा आणि तिचा काही संबंध नाही. १८१ ही महिला हेल्पलाइन आणि ११२ पोलिसांचा क्रमांक भिंतीवर लिहून ठेवा. सासूबाईंचा मान ठेवून त्यांना एवढंच सांगा की विश्वास तारखेनं येत नसतो.

मोबाइलवरचा रमीचा नाद, बार, मित्रांच्या पार्ट्या यात साडेतीन लाखांचं कर्ज झालं. सगळं सोडलंय. सप्ताहात एका दिवसाची पंगत माझ्यातर्फे द्यावी, अन्नदानानं पाप फिटतं, असं एकांनी सुचवलं. चाळीस हजार उसने मिळतात. तुकोबांनीसुद्धा कर्जाची खतं इंद्रायणीत बुडवली होतीच ना?
*— एक वाचक, कोल्हापूर जिल्हा*

तुकोबांचा दाखला उलटा लागलाय. त्यांनी बुडवली ती लोकांकडून येणं असलेली खतं, आणि तीही फक्त स्वतःच्या वाटणीची. धाकट्या भावाचा वाटा त्याला देऊन मग आपला इंद्रायणीत सोडला, अशी ती हकिकत आहे. देणं बुडवल्याची कथा कुठल्याही संताची नाही. उसन्या पैशाची पंगत म्हणजे साडेतीन लाखांचे तीन लाख नव्वद हजार.

शंभर पानी वही घ्या. एका पानावर एक माणूस: किती, कधी, व्याज काय, तारण काय, शेवटचं बोलणं कधी झालं. बँक आणि ॲपच्या कर्जाला वेगळी पानं. मग क्रम लावा, आणि तो रकमेवर लावू नका. कोण थांबू शकत नाही त्यावर लावा. हाताखालच्या माणसांची मजुरी असेल तर ती पहिली. बायकोचे किंवा आईचे दागिने सोनेतारणात असतील तर लिलावाची नोटीस कधी लागते ते आजच विचारा, कारण गेलेला दागिना परत येत नाही. मग किराणा दुकान आणि मित्र; रक्कम लहान असते पण गावात तोंड दाखवायचं ते यांनाच. बँकेला लेखी अर्ज करून हप्ता कमी आणि मुदत जास्त मागता येते. सावकार परवान्याशिवाय धंदा करत असेल किंवा कोरा चेक, जमिनीचा कागद अडकवून बसला असेल, तर महाराष्ट्र सावकारी नियमन अधिनियम, २०१४खाली तालुक्याच्या सहकारी संस्थांच्या सहायक निबंधकांकडे तक्रार होते.

मोठी चूक इथे होते: नवा निश्चय केलेला माणूस उत्साहात सगळ्यांना ‘दिवाळीपर्यंत फेडतो’ सांगून बसतो. दिवाळी येते, पैसे नसतात, लाज वाटते आणि लाजेला जुनं औषध ठाऊक असतं. महिन्याला जेवढं खरोखर निघतं त्याचा तीन चतुर्थांशच कबूल करा. प्रत्येकाकडे स्वतः जा, दोन वाक्यांत सांगा, रडू नका. पैसे दिल्यावर वहीत त्याची सही घ्या.

रमीबद्दल: पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर ऑगस्ट २०२५मध्ये संसदेनं बंदीचा कायदा केला. तरी आडवाटेच्या ॲपच्या लिंका येत राहतात. नंबर बदलणं हा साधा उपाय उपयोगी पडतो. सप्ताहात पंगत वाढायला, उष्टी काढायला, भांडी घासायला जा. त्याला पैसे लागत नाहीत, आणि गावजेवण झालं की हातात खराटा घेणाऱ्या गाडगेबाबांचा महाराष्ट्र आहे हा. ते अन्नदानापेक्षा हलकं कुणी म्हणणार नाही.

माझं बाहेर आठ वर्षं नातं होतं. त्यातून पाच वर्षांची मुलगी आहे. माळ घेताना परस्त्री मातेसमान मानायची शपथ आहे, म्हणून महाराज म्हणाले एका दिवसात संबंध तोड, फोन बंद कर. पत्नीला काही माहीत नाही.
*— नाव-गाव छापू नये*

शरीरसंबंध एका दिवसात थांबवता येतो, थांबवा. बाप असणं थांबवता येत नाही. मुलीची जबाबदारी टाकून घेतलेली माळ ही सुटका ठरेल, आणि शपथ तशी सुटका देत नाही. कायदाही देत नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४खाली, म्हणजे पूर्वीच्या १२५खाली, अपत्य विवाहबाह्य असलं तरी त्याला बापाकडून पोटगी मागता येते. कोर्टानं आकडा ठरवायची वाट का बघता? मुलीच्या नावानं दरमहा ठरावीक रक्कम बँकेतून जावी, हातानं नको, म्हणजे नोंद राहते आणि भेटीचं निमित्त उरत नाही. जन्मदाखल्यावर कुणाचं नाव आहे ते पाहून वकिलाला भेटा.

तिला मेसेज करून संपवू नका. एकदा, दिवसा, तिच्या विश्वासाचं कुणी जवळ असताना समोर बसून सांगा. ती काय बोलेल ते ऐकून घ्या.

पत्नीला सांगावं लागेल, पण त्याआधी एक काम आहे. सरकारी रुग्णालयातल्या आयसीटीसी, म्हणजे समुपदेशन आणि तपासणी केंद्रात एचआयव्हीची तपासणी मोफत आणि गुप्त होते. सोबत गुप्तरोगाची आणि कावीळ-बीची करून घ्या. शेवटच्या संबंधाला तीन महिने झाले नसतील तर तेवढे झाल्यावर पुन्हा करा. १०९७ या क्रमांकावर माहिती मिळते. रिपोर्ट येईपर्यंत पत्नीशी संबंध ठेवू नका. सांगताना तपशील किती द्यायचा ते तिच्या प्रश्नांवर सोडा. तिनं न विचारलेलं सगळं ओतून स्वतः हलकं होणं म्हणजे आपलं ओझं तिच्या डोक्यावर ठेवणं. अल्कोहोलिक्स अॅनॉनिमसच्या बारा पायऱ्यांतली नववी हेच सांगते: ज्यांना दुखावलं त्यांची भरपाई करा, पण तसं केल्यानं त्यांना किंवा आणखी कुणाला इजा होणार असेल तर नाही. पत्नी चिडेल, माहेरी जाईल, वेगळी राहू म्हणेल. तो तिचा हक्क आहे. ‘आता तर मी माळकरी झालोय’ हे वाक्य त्या दिवशी तोंडातून काढू नका.

थोडक्यात

*भावाच्या घरी मटण शिजतं, जत्रेत बोकड कापतात. एकत्र कुटुंबात माळ टिकेल का?* (जत तालुका) टिकते. आपलं ताट-वाटी-तांब्या वेगळा ठेवा, त्या दिवशी पिठलं-भाकरी स्वतः करून घ्या, घरच्यांना बंदी घालू नका. कांदा-लसूण रोज चालतो. एकादशीला नाही, आणि काहीजण चातुर्मासात सोडतात. दारू सोडलेल्यांना मटणापेक्षा जत्रेतली रात्र नडते. जेवण झालं की घरी या.

*मधुमेह आहे, एकादशी कशी करू?* (सोलापूर) साबुदाण्याची खिचडी, बटाटा, रताळं यांनी साखर चढते, आणि नुसतं उपाशी राहून गोळ्या घेतल्या की कोसळते. इन्सुलिन किंवा साखर झपकन उतरवणाऱ्या गोळ्या असतील तर डॉक्टरांना विचारून त्या दिवसाची मात्रा ठरवा. भगर थोडी, ताक, शेंगदाण्याची आमटी, राजगिरा असं विभागून खा. ‘एकादशी, दुप्पट खाशी’ हे तुमच्यासाठी विनोदाचं वाक्य नाही.

*माळ आहे, दारू नाही, तंबाखू आहे. चालतं का?* (लातूर) दिंडीत अर्ध्या लोकांच्या चंच्या निघतात म्हणून चालतं असं वाटतं. तोंडाच्या कर्करोगाला माळ दिसत नाही. १८००-११-२३५६ हा तंबाखू सोडायला मदत करणारा मोफत क्रमांक आहे.

*वारीत दारू सुटली, घरी आलो की दोन दिवसांत परत. असं का?* (फलटण) आळंदी ते पंढरपूर अडीचशेच्या आसपास किलोमीटर चालताना पहाटेपासून रात्रीच्या कीर्तनापर्यंत दिवस बांधलेला असतो, सोबत माणसं असतात, खिशात पैसे थोडे असतात. घरी आल्यावर तिन्ही गोष्टी एकदम बदलतात. पौर्णिमेचा काला करून निघण्याआधीच पुढच्या दहा संध्याकाळी कुठं आणि कुणाबरोबर घालवायच्या ते कागदावर लिहा. दिंडीचालकाला खरं सांगा, त्यांच्याकडं तुमच्या भागातल्या टाळकऱ्यांचे फोन असतात.

अकरा महिने कोरडे गेले. मेहुण्याच्या हळदीला एक ग्लास घेतला. दुसऱ्या दिवशी शेतात काम करताना माळ तुटून मणी मातीत पडले. आई म्हणते देवानंच काढून घेतली. आता परत घालायचा अधिकार आहे का?
*— एक वाचक, बीड जिल्हा*

घामानं सूत कुजतं, म्हणून माळ तुटते. रोज शेतात राबणाऱ्याची तर वर्ष-दीड वर्षात तुटतेच. ग्लास आदल्या दिवशी झाला नसता तर आईनं तो दोरा होता एवढंच म्हटलं असतं.

ग्लासचं काम आधी उरका, आणि ते आजच. ज्यांनी माळ दिली त्यांना फोन करा, एक ग्लास घेतला म्हणून सांगा, ग्लास दोन होते तर दोन सांगा. बहुतेक जाणते वारकरी ‘या, हरिपाठाला बसा’ यापलीकडे फार बोलत नाहीत. लपवलेला एक ग्लास पंधरा दिवसांत चार होतो. अकरा महिने वाया गेले असं मोजू नका. शरीरानं ते महिने घेतलेत, यकृतानंही घेतलेत. मात्र जुन्या मापावर जाऊ नका. अकरा महिन्यांत शरीराची दारू पचवायची सवय उतरलेली असते, पूर्वीची क्वार्टर आता जास्त चढते. डॉक्टरांच्या गोळ्या चालू होत्या का, त्या कधी बंद केल्या, हेही आठवा. पुष्कळदा गोळी आधी सुटलेली असते आणि ग्लास महिनाभरानं येतो.

माळेचं सोपं आहे. मणी गोळा करून पाण्यानं धुवा, सावलीत वाळवा, मोजा. १०८ भरले नाहीत तर हरवले तेवढे तुळशीचेच मणी आणा. या वेळी साध्या सुताऐवजी पीळदार दोरा दुहेरी घ्या, दर मण्यानंतर गाठ मारा म्हणजे पुन्हा तुटली तरी सगळे सांडत नाहीत. मेरुमणी शेवटी ओवा. येत्या एकादशीला, नाहीतर त्याआधी ज्या दिवशी माळ देणारे घरी असतील त्या संध्याकाळी जा, माळ त्यांच्या हातात द्या आणि पोथी काढायला सांगा. आईला बरोबर न्या.